गप्प करण्याची कळ

आमच्या घरात गेली दोन वर्षे एक नवे क्रियापद रुळले आहे. 'म्यूट करणे' हे ते क्रियापद. समोरच्या मैदानात लाउडस्पीकर सुरू झाला की माझी पत्नी भराभर खिडक्या लावून घेते आणि 'केलं म्यूट!' म्हणून हात झटकते. आमचे एक वयस्कर आप्त अधूनमधून रविवारी जेवावयास येतात आणि पानावर बसल्याबरोबर आपल्या मधुमेहाचा साद्यंत इतिहास सांगू लागतात. त्या वेळी घरातली मंडळी एकमेकांकडे पाहून हळूच हवेत अंगठा दाबतात. पूर्वी याच गोष्टीला आपण 'या कानाने ऐकून त्या कानाने सोडून देणे' असे म्हणत होतो. त्यात निदान पहिल्या कानापुरता तरी बोलणाऱ्याचा मान राखला जाई. नव्या क्रियापदात तेवढीही भीड उरलेली नाही.

हे क्रियापद आमच्याकडे आणले ते माझ्या भाचीने. ती साताऱ्याहून शिक्षणासाठी मुंबईला आली आणि आमच्याकडे राहू लागली. येताना तिने दोन बॅगा, आईने दिलेला मेतकुटाचा डबा आणि उचलताना माझी पाठ धरेल एवढा जड लॅपटॉप आणला. दिवसा ती अभियांत्रिकी शिकते. रात्री साडेनऊला, मागचे आवरून झाले की, कानांवर थोरले हेडफोन चढवते आणि दीड तास युद्धावर जाते.

ज्यांच्या घरातले अजून कोणी अशा युद्धावर जात नाही, त्यांच्यासाठी थोडे सांगितले पाहिजे. एका बाजूला पाच जण, दुसऱ्या बाजूला पाच जण. ही दहा माणसे कोण, कुठली, हे त्यांचे त्यांनाही ठाऊक नसते. दूर कुठेतरी असलेला संगणक त्यांची कुवत पाहून जोड्या लावतो आणि खेळ संपला की मोडून टाकतो. चित्रातल्या एका ओसाड शहराच्या गल्लीबोळांतून परस्परांना हुडकावयाचे आणि गोळ्या घालावयाच्या, असा हा खेळ. आपल्या बाजूच्या चौघांशी तोंडाने बोलता येते. नव्हे, बोलावेच लागते. पुढच्या वळणावर किती जण दबा धरून बसले आहेत, कोणाची बंदूक रिकामी झाली आहे, हे ज्याने पाहिले त्याने इतरांना तत्काळ सांगितले तर निभाव लागतो. आपल्या कबड्डीत चढाई करणाऱ्याचा तोंडातला शब्द तुटला की तो बाद होतो. येथे कोणी बाद करीत नाही, एवढाच फरक. पण मुका राहिलेला गडी येथेही अर्धाच असतो.

एकदा तिने हेडफोनची एक बाजू माझ्या कानाला लावून दिली. बंदुकींचे आवाज ऐकू येतील अशी माझी अपेक्षा होती. ते होतेच, परंतु त्यांच्या मागे सारा हिंदुस्थान ऐकू येत होता! कोणाच्या घरी कुकरची शिट्टी होत होती. कोणाची आई 'बेटा, खाना ठंडा हो रहा है' म्हणून तिसऱ्यांदा बजावीत होती. कोणाच्या छताचा पंखा इतका कुरकुरत होता, की कोणीतरी जाऊन त्याला तेल घालावे असे मला वाटले. लहानपणी रेडिओवर ऐकलेल्या श्रुतिकांतही मला एवढी जिवंत घरे भेटली नव्हती. मी रंगून ऐकत असताना एक गडी मारला गेला आणि ज्याच्या हलगर्जीपणामुळे आपण मेलो असे त्याला वाटले, त्या जोडीदाराच्या आईपासून त्याने सुरुवात केली. पुढचे येथे लिहीत नाही. दिवाळी अंक घरातल्या सर्वांच्या हाती जातो. एवढेच सांगतो, की आवाज कोवळा होता. नुकता फुटू लागलेला.

मी हेडफोन कानापासून दूर धरला. भाचीने मात्र चेहऱ्यावरची रेषही न हलवता पडद्यावरच्या यादीतील एका नावापुढे असलेल्या चिमुकल्या कर्ण्याच्या चित्रावर टिचकी मारली. शिवी अर्ध्यावर तुटली. पंखा, कुकर, आई, सारे जसेच्या तसे राहिले. एक माणूस तेवढा नाहीसा झाला.

"तो अजून बोलतोय का गं?" मी विचारले.

"बोलत असेल की."

"तू त्याला बंद केलंस, हे त्याला कळलं?"

"कसं कळेल? आणि कळून काय करायचंय, मामा?"

त्या रात्री मला बराच वेळ झोप आली नाही. कुठेतरी इंदूरला नाहीतर लखनौला एक पोरगा आपल्या खोलीत बसून जीव तोडून ओरडतो आहे, चारही जोडीदारांनी एकापाठोपाठ एक टिचकी मारून त्याला पुसून टाकले आहे, आणि त्याला त्याची गंधवार्ता नाही! त्याच्या शिव्या ऐकणारे जगात आता दोघेच उरले: तो स्वतः आणि भिंतीपलीकडची त्याची आई.

गिरगावात आमच्या चाळीच्या गच्चीवर सुट्टीच्या दिवशी मेंढीकोटाचा अड्डा जमत असे. त्यात बँकेतले एक हेडक्लार्क होते. एरवी मोठा सज्जन माणूस. परंतु जोडीदाराने हातची दश्शी घालवली की त्यांच्या जिभेला हाड राहत नसे. त्यांना गप्प करण्याची कळ कोणाजवळ नव्हती. तरीही ते एका मर्यादेपलीकडे कधी गेले नाहीत. याचे कारण अगदी साधे होते. ज्या जोडीदाराला ते रविवारी संध्याकाळी गाढव म्हणत, त्याच्याच दारात सोमवारी सकाळी वर्तमानपत्र मागावयास उभे राहत. वर्तमानपत्र विकत घेणे त्यांच्या तत्त्वात बसत नव्हते, आणि म्हणून गाढवाच्या पलीकडचा प्राणी त्यांना कधी परवडला नाही. खेळातला शिष्टाचार हा पुष्कळसा अशा उद्याच्या गरजेवर उभा असतो. संगणकाने जमवलेल्या पाच जणांना उद्या नसतो. तोंडे दिसत नाहीत, नावे खरी नसतात आणि वर्तमानपत्र मागावयाचे नसते.

हे दुखणे कालपरवाचे आहे असे मात्र नाही. इंग्लंडमधील एसेक्स विद्यापीठात १९७८ साली रॉय ट्रबशॉ आणि रिचर्ड बार्टल या विद्यार्थ्यांनी संगणकावर अनेकांनी मिळून खेळावयाचा एक खेळ रचला. त्यात चित्र नव्हते, आवाज नव्हता, सगळे अक्षरांतच. पुढे अशा नुसत्या शब्दांनी बांधलेल्या पुष्कळ दुनिया निघाल्या. कॅलिफोर्नियातल्या झेरॉक्सच्या संशोधन केंद्रातील एका संगणकावर लॅम्डामू नावाचा असाच शब्दांचा वाडा होता. तिथे एखाद्याचे बोलणे नकोसे झाले तर आपल्यापुरते त्याचे तोंड बांधून टाकण्याची आज्ञा होती. आजच्या कळीची ती पूर्वज. १९९३ साली त्या वाड्याच्या भरल्या दिवाणखान्यात एका खेळाडूने इतरांच्या पात्रांविषयी अत्यंत हिडीस मजकूर लिहिला, त्यांच्याकडून नको ती कृत्ये होत असल्याचे दाखविले. ज्यांची विटंबना झाली त्यांनी ती आज्ञा वापरावी, असे म्हणणे सोपे होते. परंतु आपण कान झाकले तरी दिवाणखान्यातले बाकीचे ऐकतच राहतात. आपल्या नावाने चाललेली विटंबना आपल्याला दिसली नाही, म्हणून ती झाली नाही असे थोडेच होते? त्या वाड्यातल्या लोकांनी पुष्कळ वादविवाद केला आणि अखेर त्या पात्राला कायमचे पुसून टाकण्यात आले. ज्युलियन डिबेल या लेखकाने हा सारा प्रकार त्याच वर्षी लिहून काढला, आणि संगणकावरच्या जगात माणसाने कसे वागावे हा विचार करणारे लोक त्या लेखाचा आधार आजही घेतात.

माझे एक मित्र आहेत. आयुष्यभर वकिली केल्यामुळे त्यांना कोणत्याही कळीत घटनेचा भंग दिसतो. त्यांचे म्हणणे असे, की एखाद्याचे तोंड बंद करणे हे लोकशाहीला शोभत नाही. मला हा युक्तिवाद पटत नाही. या कळीने कोणाचे तोंड बंद होतच नाही, बंद होतो तो माझा कान. आणि माझ्या कानावर दुसऱ्याचा हक्क घटनेच्या कोणत्या कलमाने दिला आहे, ते वकीलसाहेबांनी अजून दाखविलेले नाही. कळ उत्तम आहे. रात्री एकट्या बसलेल्या मुलीच्या हाती दाराची कडी असावी, तशी ती असावी. माझा प्रश्न निराळा आहे. कडी लावली म्हणजे बाहेरची खोडी जाते, पण बाहेरची बातमीही जाते. शिव्या देणारा तो पोरगाच पुढच्या मिनिटाला 'मागून येतोय' असे सांगणार असेल, तर ते ऐकू न आलेला गडी हकनाक मरतो. भाची म्हणते, "मामा, मेलेलं परवडलं." तिच्यापुढे वकिलांचेही काही चालणार नाही.

लीग ऑफ लेजंड्स नावाचा एक खेळ २००९ साली अमेरिकेत निघाला आणि जगभर पसरला. त्याच्या खेळाडूंच्या तोंडाळपणाची एवढी ख्याती झाली, की कंपनीला माणसाच्या स्वभावाचा अभ्यास करणारी माणसे नोकरीला ठेवावी लागली. २०११ साली त्यांनी खेळाडूंचीच एक पंचायत बसविली. तक्रार झालेल्याचे बोलणे इतर खेळाडूंनी वाचावयाचे आणि दोषी की निर्दोष ते ठरवावयाचे. ती पंचायत काही वर्षांनी उठली. पण त्या अभ्यासातले दोन निष्कर्ष २०१४ मध्ये प्रसिद्ध झाले, ते आपल्यासारख्या संसारी माणसांनी ऐकण्यासारखे आहेत.

पहिला असा. नेहमीचे उपद्रवी म्हणून जे ओळखले जातात, त्यांचा एकूण दुर्वर्तनातला वाटा शेकडा १३ च्या आसपास निघाला. उरलेले ८७ टक्के कोणाचे? एरवी नीट वागणाऱ्यांचे! परीक्षेचा निकाल वाईट लागला, वरिष्ठ बोलले, जेवण गार झाले, की त्या रात्रीपुरता हा सज्जन मनुष्य दुर्जन होतो. म्हणजे सगळ्या गुंडांना वेशीबाहेर काढले तरी गावातली शिवीगाळ फारशी कमी व्हावयाची नाही. आमच्या हेडक्लार्कांची मला येथे पुन्हा आठवण झाली.

दुसरा निष्कर्ष याहून मजेदार आहे. प्रतिपक्षाशी बोलण्याची सोय पूर्वी खेळ सुरू होताच आपोआप चालू असे. त्यांनी ती आपोआप बंद ठेवली. ज्याला बोलावयाचे असेल त्याने एक कळ दाबून ती चालू करावयाची, इतकेच. कोणावर बंदी नाही, कोणाला दंड नाही. वाईट बोलणे तिसाहून अधिक टक्क्यांनी घटले, चांगले बोलणे जवळजवळ तेवढेच वाढले, आणि एकूण बोलणाऱ्यांची संख्या मात्र होती तशीच राहिली. शिवी आणि माणूस यांच्यामध्ये एका टिचकीचे अंतर ठेवले आणि तेवढ्यात कित्येकांचा राग ओसरला! आमच्या आजी रागावलेल्या माणसाला आधी पाणी पिऊन ये म्हणत, त्यातलाच हा प्रकार.

काउंटर-स्ट्राइक या जुन्या गोळीबाराच्या खेळाने २०२० मध्ये निराळी वाट धरली. ज्याच्याविरुद्ध इतरांपेक्षा खूपच अधिक तक्रारी येतील, त्याला आधी ताकीद. तरी सुधारला नाही तर तो सगळ्यांसाठी आरंभापासूनच मूक. ज्याला त्याचे ऐकावयाचे असेल त्याने मुद्दाम त्याचा आवाज चालू करावा. यातून सुटण्याचा मार्ग एकच: पुरेसे गुण जमेपर्यंत मुकाट्याने खेळत राहणे. शिक्षा देण्याची ही रीत मला आवडली. वर्गाबाहेर काढावयाचे नाही, बाकावर उभे करावयाचे नाही; वर्गातच बसवावयाचे, फक्त कोणी लक्ष द्यावयाचे नाही. शाळामास्तरांच्या मुलाला याची धार कळते.

काहींनी तर बोलण्याची भानगडच ठेवली नाही. हार्थस्टोन हा पत्त्यांचा खेळ २०१४ साली निघाला, तेव्हा त्यात प्रतिस्पर्ध्याला बोलण्यासाठी फक्त सहा ठरावीक उद्गार ठेवले होते: नमस्कार, छान खेळलात, आभार, क्षमा करा, अरेरे, आणि एक धमकी. नाटकातल्या पात्रासारखे तेवढेच म्हणावयाचे. आपल्याकडचे ब्रिज खेळणारे म्हणतील, यात नवे काय? स्पर्धेत आम्हीही बोली तोंडाने लावीत नाही, छापील पत्ते पुढे ठेवतो, म्हणजे आवाजाच्या चढउतारातून जोडीदाराला काही कळावयास नको. परंतु मनुष्यप्राणी पाहा! हार्थस्टोनच्या खेळाडूंनी त्या सहा सभ्य उद्गारांतूनच शिव्या निर्माण केल्या. प्रतिस्पर्ध्याचा गळा आवळता आवळता 'क्षमा करा' म्हणावयाचे; तो हरत असताना 'छान खेळलात' म्हणावयाचे. अखेर २०१६ साली कंपनीने 'क्षमा करा' हा उद्गार काढून टाकला आणि त्याच्या जागी 'वाहवा' घातले. आणि तेही कोणाला सोसले नाही तर प्रतिस्पर्ध्याला मुका करण्याची सोय होतीच! माझ्या मावससासूबाई कोणतीही शिवी न देता, नुसते 'असू दे हो' म्हणून समोरच्याला रडवीत, त्यांना या खेळात कोणी हरवू शकले नसते.

याच्या उलट टोकाला २०१२ सालचा जर्नी हा खेळ आहे. वाळवंटातून एका डोंगराकडे चालत जावयाचे. वाटेत एखादा अनोळखी सहप्रवासी भेटतो. त्याचे नाव दिसत नाही, त्याच्याशी शब्द बोलता येत नाही. फक्त किणकिणल्यासारखा एक नाद काढता येतो. खेळ तयार होत असताना आधी या प्रवाशांना एकमेकांचा धक्का लागत असे. तेव्हा लोक काय करीत? सोबत्याला कड्यावरून ढकलून देत! त्याचा रचनाकार जेनोव्हा चेन याने मग धक्काच काढून टाकला आणि उलट अशी योजना केली, की दोघे जवळ आले की दोघांनाही उडण्याचे बळ मिळते. तीच माणसे, तेच वाळवंट. आणि लोक अनोळखी सोबत्यासाठी थांबू लागले. माझी भाची हा खेळ खेळली आहे. शेवटी तो अनामिक सोबती बर्फात मागे राहिला तेव्हा आपण रडलो, असे तिने मला सांगितले. तो कुठला, मुलगा की मुलगी, तरुण की म्हातारा, तिला आजही ठाऊक नाही.

मुलगा की मुलगी हे ठाऊक नसणे किती सुखाचे असते, ते मात्र मला फार उशिरा समजले.

भाचीच्या खेळातले बोलणे मी पुष्कळदा ऐकले. परंतु ती स्वतः कधी बोलत नाही, हे ध्यानात आले ते माझ्या पत्नीच्या. मी म्हणालो, लाजत असेल. "ही? लाजणार?" पत्नी म्हणाली. ते खरेच होते. जी मुलगी रिक्षावाल्याशी दोन रुपयांसाठी भर चौकात संसदीय भाषेत भांडते, ती घरात, दार लावून, एका लॅपटॉपपुढे लाजेल? आम्ही विचारले. तिने माइकच्या चिन्हाकडे बोट दाखविले. त्यावर तांबडी रेघ होती. दोन वर्षे ती रेघ तशीच होती. इतरांना म्यूट करण्याच्या कितीतरी आधी, पहिल्याच महिन्यात, तिने स्वतःला म्यूट केले होते.

"बोलले की कळतं ना, मुलगी आहे म्हणून," ती म्हणाली. "मग खेळ राहतो बाजूला. अर्धे जण लग्नाचं विचारतात, अर्धे स्वयंपाकघरात जा म्हणतात. हरलो तर माझ्यामुळं. जिंकलो तर कोणीतरी मला जिंकवलं. त्यापेक्षा हे बरं. सगळे मला 'भाई' म्हणतात."

हे काही तिच्या मनाचे खेळ नव्हेत. दोघा अमेरिकन संशोधकांनी हेलो ३ या खेळात एक प्रयोग करून त्याचा अहवाल २०१३ मध्ये प्रसिद्ध केला. आधी ध्वनिमुद्रित केलेली तीच ती निरुपद्रवी वाक्ये काही डावांत पुरुषाच्या आवाजात ऐकवली, काही डावांत बाईच्या आवाजात, आणि काही डावांत कोणी बोललेच नाही. बाईच्या आवाजाला मिळालेली वाईट उत्तरे पुरुषाच्या आवाजापेक्षा किंवा मौनापेक्षा तिप्पट भरली. वाक्य तेच. कौशल्याचा प्रश्न नव्हता, उद्धटपणाचा नव्हता. कंठाचा होता.

एपेक्स लेजंड्स नावाच्या २०१९ च्या खेळात एक सोय आहे: हवी ती जागा नेमाने टिपून एक कळ दाबली, की आपले पात्रच त्याच्या आवाजात सोबत्यांना 'येथे शत्रू आहे' असे सांगते. लोकांनी तिची फार वाखाणणी केली. भाचीलाही ती आवडते. "पण मामा," ती म्हणाली, "ते पात्र बोलतं. मी नाही."

गेल्या पावसाळ्यातली गोष्ट. तिच्या वर्गातला एक मुलगा नेहमी तिच्या बाजूने खेळे आणि तिने टंकून कळविलेले तो चौघांना तोंडाने सांगे. त्या रात्री त्याच्याकडची वीज गेली, आणि नेमका तो डाव तिला एक पायरी वर नेणारा होता. ती तिरीमिरीने माझ्या खोलीत आली.

"मामा, तू बोल. मी सांगते तेवढंच मोठ्यानं म्हण."

मी उभ्या आयुष्यात दिवाळीच्या टिकल्यांच्या पिस्तुलापलीकडे शस्त्र हाती धरलेले नाही. परंतु भाचीचा शब्द! मी तिच्या शेजारी बसलो. तिने तांबडी रेघ काढली. ती माझ्या कानाशी कुजबुजे आणि मी माझ्या गिरगावी हिंदीत घोषणा करी: "बायें बाजू दो हैं! जिने के नीचे एक छुपेला है!"

पलीकडे क्षणभर शांतता पसरली. मग एक आवाज म्हणाला, "अंकल, आप कौन?"

त्यानंतर जो चमत्कार झाला तो पाहण्यासारखा होता. वर्गात हेडमास्तर शिरावेत तशी ती तिन्ही पोरे सुतासारखी सरळ झाली. एकाच्या तोंडून जुन्या सवयीने अर्धी शिवी बाहेर आली, तोच दुसऱ्याने 'अंकल हैं' म्हणून त्याला दटावले आणि पहिल्याने क्षमा मागितली. हार्थस्टोनची नव्हे, खरी. मी म्हणेन तिकडे ते धावत. अखेरच्या फेरीत आमच्याकडचे सगळे पडले, एकटी भाची उरली आणि समोर तिघे. तिचे कुजबुजणे थांबले. ओठ घट्ट मिटलेले, डावा हात कळफलकावर, उजवा माउसवर, आणि दोन्ही मनगटे इतकी शांत, की मला माझ्या बहिणीची पुरणपोळी लाटतानाची मनगटे आठवली. एक पडला. दुसरा पडला. तिसरा जिन्याखालून निघाला आणि तिथेच पडला.

"अंकल ने फाड दिया!" हेडफोनमधून आरोळी उठली. "क्या खेलते हो अंकल! अंकल, आप तो लेजंड हो!"

मी माइककडे पाहिले. मग भाचीकडे पाहिले. ती हसत होती. कौतुकाचे हसू नव्हते ते, आणि रागाचेही नव्हते. "घे," ती म्हणाली, "झालं तुझं नाव." आणि तिने ती तांबडी रेघ पुन्हा ओढली.

माझे नाव खरोखरच झाले. त्या पोरांनी तिला मित्रयादीत घेतले आणि रात्र पडली की विचारू लागले, आज अंकल आहेत का? ती टंकून उत्तर देई: अंकल जेवताहेत. अंकल झोपले. अंकलना पडसे झाले आहे. गणपतीपर्यंत माझ्या नावावर इतकी दुखणी जमा झाली, की आमच्या मधुमेही आप्तांनाही हेवा वाटावा. पत्नीला या साऱ्याची मौज वाटे. मला पहिल्या दोनचार दिवसांनंतर वाटेनाशी झाली. आपल्या गळ्यात पडलेला हार दुसऱ्याचा आहे हे ठाऊक असले की त्याची फुले टोचतात. पण मी काय करावयाचे? मी माइकवर जाऊन 'मी नव्हे, ती' असे सांगितले असते, तर तेही पुन्हा माझ्याच आवाजात झाले असते. मी गप्प राहिलो.

नवरात्रातल्या एका रात्री मी बाहेरच्या खोलीत वाचीत बसलो होतो. तिच्या खोलीचे दार अर्धवट उघडे होते. आतून तिचा आवाज आला. फोनवर बोलत असेल असे मला आधी वाटले. परंतु फोन जेवणाच्या टेबलावर माझ्यासमोरच पडला होता.

"अंकल नहीं हैं," ती म्हणत होती. "उस दिन भी मैं ही खेल रही थी." मग थोडे थांबून, मी त्या रात्री ज्या सुरात ओरडलो होतो अगदी त्याच सुरात, "जिने के नीचे एक है."

मी दाराशी जाऊन उभा राहिलो. पलीकडून काय उत्तरे आली ती हेडफोनमध्ये तिच्याच कानांत गेली, मला ऐकू आली नाहीत. तिचे बोट मात्र दिसत होते. ते एकदा टिचकले. थोड्या वेळाने आणखी एकदा टिचकले. मग तिथेच, माउसवर, टेकून राहिले.

"काय गं?" मी विचारले.

"दोघांना बंद केलं," ती पडद्यावरची नजर न काढता म्हणाली. "तिसरा विचारतोय, जिन्याखालचा अजून तिथंच आहे का."